राक्षस म्हातारा होतो तेव्हा

काँगचा सुळा किडला आहे. हनुवटीखाली पांढरी दाढी आली आहे. एकट्यानं शिकार करायची, एकट्यानं परत येऊन पडायचं. बोलाचालायला जातीचं कुणी नाही. ठणका सहन होईना तेव्हा तो पाताळातून वर येतो आणि माणसांच्या तळाशी येऊन थांबतो. मग एक डॉक्टर दोराला लोंबकळत त्याच्या जबड्यापाशी उतरतो, किडका सुळा उपटतो आणि तिथं नवा बसवून देतो. तिकडे रोममध्ये गॉडझिला एका आडदांड प्राण्याशी झुंज संपवतो आणि कलोसियमच्या गोल भिंतींच्या आत अंगाचं वेटोळं करून झोपी जातो. गावातला म्हातारा कुत्रा भर दुपारी देवळाच्या पारावर झोपतो ना, अगदी तसा.

२०२४ साली आलेल्या 'गॉडझिला एक्स काँग : द न्यू एम्पायर' या चित्रपटातली ही दृश्यं. हिंदी, तमिळ आणि तेलुगू बोलीत तो आपल्याकडेही लागला होता. शाळकरी मुलं अशा ठिकाणी खदखदून हसतात. शेजारी बसलेल्या आईबापांच्या मनात मात्र भलतंच काही येऊन जात असणार. दाताचा दवाखाना, गुडघ्याचा पट्टा, रक्तदाबाची गोळी. आरामखुर्चीत, छातीवर वर्तमानपत्र पसरलेलं असताना वडिलांना लागलेली डुलकी.

पडद्यावरचे राक्षस म्हातारे कधी झाले? एका दिवसात नक्कीच नाही. 'ज्युरासिक पार्क' १९९३ साली आला आणि पुढच्याच वर्षी हिंदीत बोलू लागला, तेव्हा त्यातल्या टी-रेक्स मादीला पाहून लहानथोरांची बोबडी वळली होती. बावीस वर्षांनी, २०१५ च्या 'ज्युरासिक वर्ल्ड'मध्ये तीच मादी परत आली. अंगावर जुन्या झुंजीचे व्रण घेऊन आली आणि शेवटच्या लढाईसाठी तिलाच साकडं घालावं लागलं. पीटर जॅक्सनच्या २००५ मधल्या किंग काँगचा जबडा वाकडा आहे, अंगभर ओरखडे आहेत आणि त्याच्या राहत्या जागेत त्याच्याच जातीच्या प्राण्यांचे सांगाडे पडलेले आहेत. घराण्यातला शेवटचा माणूस पडक्या वाड्यात एकटाच राहावा, तसा तो तिथं राहतो.

पण या सगळ्या मंडळींत खरं आयुष्य भोगलं ते गॉडझिलानं. ते आयुष्य त्याचं एकट्याचंही नव्हतं. कातडं त्याचं होतं, आत माणूस होता.

१ मार्च १९५४ रोजी अमेरिकेनं बिकिनी बेटांवर हायड्रोजन बाँबची चाचणी केली. 'भाग्यवान ड्रॅगन' अशा अर्थाच्या नावाची एक जपानी मच्छीमार बोट तिच्या राखेत सापडली. बोटीवर २३ खलाशी होते. त्यांच्यातला बिनतारी संदेश चालवणारा खलाशी त्याच वर्षी सप्टेंबरात दगावला आणि ३ नोव्हेंबरला 'गॉडझिला' जपानभर प्रदर्शित झाला. बाँबनं समुद्रतळातून उठवलेला हा प्राणी तोक्यो तुडवत जातो. दिग्दर्शक इशिरो होंडा, आणि पडद्यावरची किमया एइजी त्सुबुराया यांची. पोशाखात होता हारुओ नाकाजिमा नावाचा पंचवीस वर्षांचा नट. पहिला पोशाख शंभर किलोच्या घरातला आणि इतका ताठर, की त्यात धड चालता येईना. तो बाजूला ठेवून दुसरा केला, पण तोही काही पिसासारखा हलका नव्हता. नाकाजिमा प्राणिसंग्रहालयात जाऊन हत्ती आणि अस्वलं कशी पावलं टाकतात ते बघत बसायचा. दिव्यांच्या उष्णतेत, घामानं निथळत, पंचविसाव्या हिश्शानं बांधलेल्या तोक्योतून तो चालला आणि पुढे अठरा वर्षं चालतच राहिला. १९७२ साली त्यानं पोशाख उतरवला. स्टुडिओची माणसं कमी केली जात होती. नाकाजिमाची बदली झाली ती स्टुडिओच्याच आवारातल्या बोलिंग खेळायच्या जागी. ज्यानं शहरंच्या शहरं उलथवली, तो आता गिऱ्हाइकांच्या बोलिंगची सोय बघायला लागला! वय अवघं त्रेचाळीस. पुढे जगभरच्या चाहत्यांनी त्याला शोधून काढलं, मानानं बोलावलं. २०१७ साली, वयाच्या ८८ व्या वर्षी, तो गेला.

गॉडझिलाची ती डरकाळी कोणत्याही प्राण्याची नव्हे. संगीतकार अकिरा इफुकुबे यांनी डबल बास या भल्यामोठ्या तंतुवाद्याची तार सैल केली, कातडी हातमोज्याला राळ लावली आणि मोजा तारेवरून ओढला. तो आवाज ध्वनिफितीवर हळू करून वापरला. राक्षसाचा गळा म्हणजे एक सैल केलेली तार! १९९५ च्या डिसेंबरात जपान्यांनी आपल्या गॉडझिलाला मरू द्यायचं ठरवलं, तेव्हा त्या शेवटच्या चित्रपटाचं संगीत करायला इफुकुबे यांनाच बोलावलं होतं. तेव्हा त्यांचं वय ८१ वर्षांचं. त्या चित्रपटात गॉडझिलाचं काळीज अणुभट्टीसारखं आतून तापत जातं. त्याच्यादेखत त्याचं पोर मारलं जातं. तो वाकून पोराला ढोसतो, आपल्यातली ऊब त्याला देऊ पाहतो. पोर उठत नाही. मग तो लढतो आणि लढता लढता वितळून जातो. त्याच्या अंगातून उसळलेला सगळा किरणोत्सर्ग पोर शोषून घेतं आणि धुरातून उभं राहतं. ज्या म्हाताऱ्यानं चाळीस वर्षांपूर्वी या राक्षसाला आवाज दिला, त्यानंच त्याच्या मर्तिकाचं संगीत करावं, याला योगायोग म्हणा नाहीतर ऋण म्हणा.

आपल्याकडे असं काही झालं का? मुंबईवर समुद्रातून राक्षस सोडायचा प्रयत्न १९६६ साली 'गोगोला' नावाच्या हिंदी चित्रपटानं करून पाहिला. पण गोगोलाला म्हातारपण लाभलं नाही. तो पहिल्याच खेपेत संपला. कोकणात दशावतारी नाटकांच्या पूर्वरंगात संकासुर येतो. वेद चोरून नेणारा हा असुर, पण काळा पेहराव आणि लाल जीभ घेऊन तो मालवणीत असे काही टोमणे मारतो, की पोरं भिण्याऐवजी त्याच्या मागं लागतात. दरारा सरला, विनोद उरला. गावोगाव असे काके-मामे असतातच.

म्हातारा, शिणलेला, जगाला विटलेला महाकाय खऱ्या अर्थानं बघायचा असेल, तर तंजावरकडे जावं लागतं. आणि तंजावरहून कावेरीच्या दिशेनं बारा-तेरा किलोमीटर पुढे, तिरुवैयारुला.

'तिरुवैयारु' म्हणजे पाच पवित्र नद्यांचं गाव. मराठी माणसाला हा मुलूख परका नाही. शिवाजी महाराजांचे सावत्र बंधू व्यंकोजीराजे १६७० च्या दशकात इथं आले आणि १८५५ पर्यंत भोसल्यांचा अंमल राहिला. तंजावरच्या बृहदीश्वराच्या भिंतीवर सरफोजीराजांनी १८०३ साली कोरवून घेतलेला भोसले घराण्याचा लांबलचक मराठी इतिहास आजही वाचता येतो. तमिळ मुलूख, राजा मराठी आणि दरबारातल्या गाण्या-नाटकाची भाषा बहुतेक तेलुगू, असा तो कारभार होता.

त्याच बृहदीश्वराच्या आतल्या गोपुरावर राजराज चोळाच्या काळातले, म्हणजे हजार वर्षांपूर्वीचे, दोन द्वारपाल उभे आहेत. त्यांच्या पायाशी एक साप हत्ती गिळतो आहे. हत्ती केवढा असतो ते ठाऊक आहेच. त्याला गिळणारा साप मग केवढा? आणि तो साप ज्याच्या पायाशी किरकोळ वाटतो, तो द्वारपाल केवढा? तोक्योची चिमुकली घरं उभारून त्सुबुरायानं जे साधलं, ते चोळांच्या शिल्पकारानं एका हत्तीवर भागवलं. चार हात, बाहेर आलेले सुळे, वटारलेले डोळे. पण पाहणारा थोडा वेळ तिथं थांबला तर त्याला वाटू लागतं, की हे दोघं कुणाला भिववत नाहीत. हजार वर्षं दारावर उभे आहेत. राजे आले, गेले; पलटणी आल्या, गेल्या; आता सहलीच्या बसगाड्या येतात. पाळी बदलायला काही कुणी आलेलं नाही.

हे झाले शंकराचे द्वारपाल. विष्णूच्या दारावरच्या दोघांची गोष्ट तर आपल्या कीर्तनांतून घरोघर पोहोचलेली. जय-विजयांनी सनकादिकांना अडवलं. शाप मिळाला. उःशाप मागितला तेव्हा विष्णूनं विचारलं, भक्त म्हणून सात जन्म घेता, की वैरी म्हणून तीन? त्यांनी तीन मागितले, लवकर घरी परतता यावं म्हणून. म्हणजे हिरण्याक्ष-हिरण्यकशिपू, रावण-कुंभकर्ण, शिशुपाल-दंतवक्त्र हे सगळे मुळात दूरच्या ठाण्यावर बदली झालेले नोकर. डरकाळ्या फोडायच्या, देवाला शिव्या द्यायच्या, त्याच्याच हातून मरायचं आणि पुन्हा जन्मायचं. ही कथा एकदा डोक्यात बसली, की पुराणातला कुठलाही राक्षस निव्वळ दुष्ट दिसेनासा होतो. त्याच्या गर्जनेत कुठंतरी 'अजून किती?' असं ऐकू येऊ लागतं.

या शिणवट्याचं सर्वांत मोठं रूप म्हणजे कुंभकर्ण. मराठीत आपण त्याला झोपेपुरता ठेवला आहे. सकाळी आठला न उठणाऱ्या पोराला हाक मारण्यापुरता. पण वाल्मीकींचा कुंभकर्ण उठवतात तो प्रसंग आठवा. नगारे, शंख, अंगावरून चालवलेले हत्ती, बाजूला अन्नाचे डोंगर. बाँबनं उठवलेल्या गॉडझिलाचा हा आद्य पूर्वज. जागा झाल्यावर तो भावाला आधी चार खडे बोल ऐकवतो, की कुणाला न विचारता हे काय करून बसलास. आणि ऐकवून झाल्यावर लढायला निघतो. हरणार हे माहीत असून निघतो. तमिळ रामायणकार कंबन हा याच जुन्या तंजावर भागातल्या तेरळुंदूरचा. त्याचा कुंभकर्ण तर आणखी हळवा. बिभीषण रणांगणावर त्याला रामाकडे चल म्हणून विनवायला येतो. कुंभकर्ण जात नाही, मात्र भावाला आशीर्वाद देतो आणि मरताना रामापाशी त्याच भावाला सांभाळण्याचं मागणं मागतो. नाक-कान गमावलेलं आपलं मस्तक कुणाच्या नजरेस पडू नये म्हणून ते समुद्रात टाक, असंही सांगतो. एवढ्या मोठ्या देहाला शेवटी लाज वाटते ती आपण विद्रूप दिसण्याची. आजारी माणसाची शुश्रूषा केलेल्या कुणालाही हे मागणं नीट कळेल.

रावणाचं तेच. युद्धाच्या एका दिवशी तो शस्त्रं गमावून रामासमोर उभा राहतो आणि राम त्याला मारत नाही. थकला आहेस, आज घरी जा, म्हणतो. त्या रात्री लंकेत परतणारा रावण हा कंबनाच्या वाचकांचा फार आवडता प्रसंग. १९५८ सालच्या तमिळ 'संपूर्ण रामायणम्'मध्ये टी. के. भगवती रावण झाले होते. त्यात एन. टी. रामाराव राम, पद्मिनी सीता आणि शिवाजी गणेशन भरत. पण तमिळ रसिक अजून आठवण काढतात ती या रावणाची. त्या परतीच्या वाटेवर सी. एस. जयरामन यांच्या आवाजात तिलंग राग उमटतो. दहा तोंडांच्या, वीस हातांच्या राजाला रिकाम्या हातांचं काय करावं ते कळत नाही. तिलंगसारखा गोडवा अशा वेळी वापरायचं ज्याला सुचलं, त्या के. व्ही. महादेवन यांना दाद द्यायला हवी.

दक्षिणेत हे राक्षस उभे करायला देहानंही तशीच माणसं लाभली. एस. व्ही. रंगाराव हे त्यांतले शिरोमणी. 'मायाबझार'मधला (१९५७) घटोत्कच, 'भक्त प्रल्हाद'मधला (१९६७) हिरण्यकशिपू. छाती, मिशा आणि गदा खांद्यावर टाकून चालण्याची ती ऐट! आणि हाच नट तिशी-चाळिशीत असल्यापासून तमिळ-तेलुगू कौटुंबिक चित्रपटांतून पिकल्या केसांचा बाप व्हायचा. 'पडिक्काद मेदै'मध्ये (१९६०) त्यांनी रंगवलेला वैभव गेलेला कुटुंबप्रमुख पाहिला, की गदा घेतलेला हिरण्यकशिपू आणि हा म्हातारा यांच्यातलं अंतर फारसं उरत नाही. दोघांचंही ऐकणारं कुणी राहिलेलं नाही. रंगाराव स्वतः मात्र म्हातारे झालेच नाहीत. १९७४ साली, छप्पन्नाव्या वर्षी, ते गेले.

'भक्त प्रल्हाद'मध्ये नारद होते एम. बालमुरलीकृष्ण. त्यांची गुरुपरंपरा थेट त्यागराजांपर्यंत जाते. आणि इथंच तिरुवैयारु पुन्हा वाटेत येतं.

त्यागराज (१७६७–१८४७) जन्मले तिरुवारूरला, पण आयुष्य घालवलं तिरुवैयारुत. त्यांची समाधी कावेरीच्या काठावर आहे. बंगळूर नागरत्नम्मा या गायिकेनं स्वतःची मिळकत घालून तिच्यावर मंदिर उभारलं. पौष वद्य पंचमीला देशभरचे गायक-वादक तिथं ओळीनं बसून पंचरत्न कृती एकसुरात गातात. हे आपल्याकडच्या गाणं ऐकणाऱ्यांना दूरदर्शनमुळे ठाऊक असतं. कमी ठाऊक असतं ते हे, की त्यागराजांनी नाटकंही लिहिली, आणि त्यांतलं एक 'प्रल्हाद भक्ति विजयम्' हे तेलुगू गेय नाटक आहे. गोष्ट सुरू होते ती प्रल्हादाला नागपाशात बांधून समुद्रात फेकून दिल्यानंतर. खुद्द समुद्र रंगमंचावर येतो आणि या पोराची सुटका करायची खटपट करतो. गाणी आहेत, विनवण्या आहेत, शेवटी भगवंताचं दर्शन आहे. नाही तो नरसिंह. खांब फुटत नाही, उंबरठा नाही, नखं नाहीत. हिरण्यकशिपूचा वधच नाही.

असं का केलं असेल? पंडितांनी याची भक्तिशास्त्रातली उत्तरं दिली आहेत आणि ती खोटी नसतील. पण नाटक पाहणाऱ्याला जो दिसतो, तो पोराला मारायचे सगळे उपाय थकलेला बाप. आता याला मारून काय मिळवायचं, असं त्या रामभक्त म्हाताऱ्याला वाटलं असलं, तर नवल नाही.

शेजारच्या गावात मात्र खांब फुटतो. तंजावरपासून अठरा-वीस किलोमीटरवरच्या मेलट्टूरला नरसिंह जयंतीच्या रात्री वरदराज पेरुमाळच्या देवळासमोर भागवत मेळा रंगतो. नायक राजांनी वसवलेल्या आणि पुढे मराठी राजांचा आश्रय लाभलेल्या या गावात व्यंकटराम शास्त्री नावाच्या कवीनं अठराव्या शतकात तेलुगू नाटकं रचली. त्यांतलं 'प्रल्हाद चरित्रम्' दरवर्षी होतं. सगळी पात्रं पुरुषच करतात. ते पिढ्यान्‌पिढ्यांचे त्याच गावचे. नोकरी-धंद्यासाठी शहरांत गेलेले, पण या दिवसांत गावी परतणारे. नरसिंहाचा मुखवटा देवळात पूजेत असतो. तो घालणारा उपास करतो. मुखवटा चढला, की त्याच्या अंगात येतं आणि त्याला चार-सहा जण कमरेला, हातांना धरून ठेवतात. कारण समोर हिरण्यकशिपू म्हणून उभा असतो तो कुणाचा तरी मुलगा, कुणाचा तरी बाप. खेळ करता करता खराच घात व्हायचा, ही भीती. म्हणजे इथंही हिरण्यकशिपू मरत नाही. देवाला आवरावं लागतं.

हे सगळं वाचून राक्षसांबद्दल माया वाटू लागली, तर तिथंच जरा थांबायला हवं.

१९५४ च्या 'गॉडझिला'त एक छोटंसं दृश्य आहे. जळत्या तोक्योत एक विधवा आई मुलांना कवटाळून भिंतीशी बसली आहे आणि त्यांना सांगते आहे, की आता आपण बाबांकडे जाणार. पुढच्या दृश्यांत इस्पितळात मुलांच्या अंगाशी किरणोत्सर्ग मोजायचं यंत्र धरलं जातं. तो प्राणी कलोसियममध्ये गोंडस वेटोळं करून झोपतो, तेव्हा त्या आईचं काय झालं हे कुणी विचारत नाही. सत्तर वर्षं मध्ये गेली म्हणून चालून जातं, एवढंच. जपान्यांना ते खटकलं असावं. २०२३ च्या 'गॉडझिला मायनस वन'मध्ये त्यांनी राक्षसाला पुन्हा निर्दय करून टाकलं. थकवा दिला तो माणसाला, आत्मघातकी विमान मध्येच उतरवून जीव वाचवलेल्या आणि त्या शरमेनं पिचलेल्या एका वैमानिकाला.

आणि हा प्रश्न काही तोक्योपुरता नाही. आपल्याकडे अशी घरं किती असतील, जिथं संध्याकाळी बापाची चप्पल दारात वाजली, की रेडिओ बंद व्हायचा. पोरं पुस्तकं उघडायची. आई पदर सारखा करत स्वयंपाकघरात नाहीशी व्हायची. ताटात मीठ कमी पडलं तर ताट भिंतीवर जायचं. तोच माणूस आज पंचाहत्तरीचा झाला आहे. कवळी पेल्यात ठेवतो, नातवाच्या हातून पाणी मागून घेतो आणि नातवाला तो जगातला सर्वांत गोड आजोबा वाटतो. त्यात नातवाची काही चूक नाही. त्यानं डरकाळी ऐकलेलीच नसते. पण पेलाभर पाणी द्यायला सुनेचा हात रेंगाळतो, लेक माहेरी येऊनही त्यांच्या खोलीत जायचं टाळते. त्यांची बाजू कुणी विचारली आहे? म्हातारपण आलं म्हणजे हिशेब मिटला, असं आपण फार चटकन धरून चालतो. शेजारीपाजारी तर हमखास. 'आता काय राहिलंय त्यांचं, सोडून द्या' असं सांगायला ज्याच्या अंगावर ताट आलं नव्हतं तोच पुढे येतो.

तेव्हा, राक्षसाला माफ करायचं की नाही हे कुणी ठरवायचं? प्रेक्षकांनी नक्कीच नव्हे. भागवतात या जागी एक गोष्ट आहे आणि ती खांबाच्या गडगडाटात ऐकू येत नाही. हिरण्यकशिपू मेला. देव शांत झाला. वर माग, म्हणाला. विष पाजलेला, कड्यावरून लोटलेला, हत्तीच्या पायी दिलेला तो मुलगा आधी स्वतःसाठी काहीच मागत नाही. मग मागतो ते बापासाठी: त्याला पापातून सोडव. देव सांगतो, तो एकवीस पिढ्यांसह पावन झाला आहे. आता जा, बापाचे अंत्यसंस्कार कर. मागणारा प्रल्हाद होता, म्हणून त्या मागण्याला वजन. हेच हिरण्यकशिपूच्या दरबारातल्या एखाद्या सरदारानं मागितलं असतं, तर देवानं त्याच्याकडे वळूनही पाहिलं नसतं. आणि प्रल्हादानं मागितलंच नसतं, तर? भागवत त्याला दोष देत बसलं असतं असं वाटत नाही. वर मागायचा की नाही, हे त्याच्यावरच सोडलेलं होतं.

तिरुवैयारुच्या पंचनदीश्वराच्या देवळात, प्राकाराच्या एका ठरावीक जागी उभं राहून हाक मारली, तर ती सात वेळा परत येते असं सांगतात. येणारे-जाणारे भाविक ते करून बघतात. मुलं अर्थातच डरकाळी फोडून बघतात. पहिला प्रतिध्वनी दणदणीत असतो आणि पुढचे एकेक करून क्षीण होत जातात.

मेलट्टूरला नाटक संपतं तेव्हा उजाडायला आलेलं असतं. मुखवटा घातलेल्या नरसिंहाला धरून धरून देवळात नेतात, कापूर लावतात, शांत करतात. गर्दी त्याच्या मागं जाते. रात्रभर गर्जणाऱ्या हिरण्यकशिपूकडे त्या वेळी कुणाचं लक्ष नसतं. त्याला मुकुट उतरवायचा असतो, मिशा सोडवायच्या असतात, चेहऱ्यावरचा रंग खोबरेल लावून पुसायचा असतो. घसा बसलेला असतो. प्रल्हाद झालेलं पोर एव्हाना कुणाच्या तरी मांडीवर झोपून गेलेलं असतं. ते त्याचंच असेल, तर खांद्यावर टाकून त्याला घरी न्यायचं असतं.